एका बेकार क्रियापदाला खांब येथे लागलेली नोकरी

इंग्रजी भाषेच्या बृहत्कोशांत काही क्रियापदे अशी आढळतात, की ती कोणाच्या बोलण्यात नाहीत, लिहिण्यात नाहीत, केवळ कोशकारांच्या भूतदयेवर तग धरून आहेत. 'पेरेन्डिनेट' हे त्यांपैकी एक होय. लॅटिन शब्द उचलून इंग्रजीत आणून बसवण्याचा सोस विद्वानांना जडला होता त्या सतराव्या शतकात हे क्रियापद इंग्लंडात उतरले, आणि तेव्हापासून आजतागायत त्याला पोटापुरतेही काम मिळालेले नाही; कोशात त्याच्यापुढे 'विरळ' असा शेरा असतो, आणि अर्जावर 'अनुभव नाही' असे लिहून आलेल्या उमेदवाराकडे जसे पाहिले जाते तसेच त्याच्याकडे पाहिले जाते. 'एखादे काम परवावर टाकणे' हा त्याचा अर्थ. उद्यावर टाकणे नव्हे, हे वाचकाने नीट ध्यानात घ्यावे. उद्यावर टाकण्यासाठी इंग्रजीत 'प्रोक्रॅस्टिनेट' हे सुप्रतिष्ठित क्रियापद आहे, ते शाळकरी मुलांनाही ठाऊक असते, आणि बहुतेकांच्या बाबतीत ते नुसते ठाऊक असण्यावर भागत नाही.

इंग्लंडात ज्याची उपासमार झाली त्या या क्रियापदाला कायमस्वरूपी नोकरी मिळू शकेल असे एक ठिकाण रायगड जिल्ह्यात, रोहा तालुक्यात, नागोठणे आणि कोलाड यांच्या दरम्यान आहे, आणि त्या ठिकाणाचे नाव खांब. मुंबई–गोवा महामार्ग या गावाजवळून जातो, असे लिहिण्याची पद्धत आहे. महामार्ग कोठेही जात नसून पुष्कळ वर्षे तेथेच आहे, असे स्थानिकांचे म्हणणे पडते. पण त्या नेमणुकीची कागदपत्रे पाहण्यापूर्वी उमेदवाराचे घराणे तपासणे शास्त्रास धरून होईल.

'प्रोक्रॅस्टिनेट'च्या पोटात 'क्रास' हा लॅटिन शब्द आहे, त्याचा अर्थ उद्या. 'प्रो' म्हणजे पुढे. म्हणजे पुढे उद्याकडे सारणे. 'पेरेन्डिनेट'चे मूळ 'पेरेन्दिए' या लॅटिन अव्ययात आहे, त्याचा अर्थ परवाच्या दिवशी. त्यापासून 'परवाचा' या अर्थाचे 'पेरेन्दिनुस' हे विशेषण निघाले, त्या विशेषणापासून 'पेरेन्दिनारे' हे क्रियापद, आणि त्या क्रियापदाची शेपटी कापून इंग्रजीने आपली शेपटी जोडली. अव्ययाच्या अखेरीस जो 'दिए' ऐकू येतो तो लॅटिनमधील दिवस होय, आणि आपल्या दिवस, दिन, द्यु या मंडळींशी त्याचे सख्खे नाते आहे. आरंभीचा 'पेर' हाही 'पलीकडचा' या अर्थाच्या आपल्या 'पर' या शब्दाच्या कुळातला असल्याचे भाषाशास्त्रज्ञ मानतात, आणि त्यांचे म्हणणे मान्य करावयास हरकत दिसत नाही. पाणिनीने अष्टाध्यायीच्या पाचव्या अध्यायातील तिसऱ्या पादाच्या बाविसाव्या सूत्रात दिवस आणि वर्षे दाखवणारी काही अव्यये एका दमात बांधून टाकली आहेत, आणि त्या मोळीत 'परेद्यवि' हे अव्यय आहे. 'पेरेन्दिए' आणि 'परेद्यवि' एकापाठोपाठ एक उच्चारले असता दोघांच्या चेहऱ्यातील साम्य लपत नाही. फरक एवढाच, की संस्कृत कोश 'परेद्यवि'चा अर्थ 'दुसऱ्या दिवशी' असा देतात, तर रोममध्ये त्याच घराण्यातील शब्द आणखी एक दिवस पुढे सरकला. एकाच वंशातील शब्द स्थलांतरात चोवीस तास उशिरा पोहोचावा, याचे आश्चर्य कोकणात प्रवास केलेल्या माणसाला तरी वाटू नये.

मराठीतील 'परवा' मात्र 'परेद्यवि'पासून आलेला नसून 'परश्वः' या संस्कृत अव्ययापासून आला आहे, आणि संस्कृतातील अर्थावर समाधान न मानता त्याने स्वतःची मोठी प्रगती केली आहे. मोल्सवर्थच्या मराठी–इंग्रजी कोशाची पहिली आवृत्ती १८३१ साली आणि दुसरी १८५७ साली निघाली. ब्रिटिश लष्करातून आलेल्या त्या काटेकोर कोशकाराला या शब्दाचे दोन परस्परविरुद्ध अर्थ नोंदवावे लागले, एक येणारा परवा आणि दुसरा होऊन गेलेला परवा. हिंदी भाषक 'कल' या एका शब्दात उद्या आणि काल दोन्ही कोंबतात, याबद्दल मराठी माणूस त्यांना हसतो; आपली भाषा काल आणि उद्या यांत चोख भेद करते याचा त्याला अभिमान असतो; पण हा चोखपणा नेमका एकच दिवस टिकतो, परवा आला की आपणही भूत आणि भविष्य एकाच खुंटीला टांगतो. यामागे आळस आहे असे समजणे अन्यायाचे ठरेल. ज्या भाषेत 'परवा होणार होते' आणि 'परवा होईल' ही दोन्ही विधाने एकाच शब्दावर उभी राहतात, त्या भाषेत मुदत संपली तरी शब्द बदलावा लागत नाही, केवळ क्रियापदाचे रूप बदलले की काम भागते, आणि फलक रंगवणाऱ्याचा निम्मा खर्च वाचतो.

परवावर टाकणे आणि उद्यावर टाकणे यांत केवळ एका दिवसाचा फरक आहे, असा समज सर्वत्र आढळतो. तो चुकीचा आहे. जो मनुष्य काम उद्यावर टाकतो त्याच्या मानेवर ते काम रात्रभर बसून राहते, त्याची झोप उडते, सकाळी उठल्यावर ते उशाशी उभे असते. म्हणजे त्याने काम टाळलेले नसून फक्त एक रात्र जवळ बाळगलेले असते. जो मनुष्य काम परवावर टाकतो त्याला आज आणि परवा यांच्या मधोमध उद्या नावाचा एक अख्खा दिवस मोकळा मिळतो. त्या दिवशी ते काम करावयाचेच नसते, त्यामुळे ते न केल्याचा दोष लागत नाही; उलट दिलेला शब्द पाळण्यासाठी त्या दिवशी काही न करणे हेच कर्तव्य ठरते. मराठी माणसाने 'उद्या-परवा होईल' असा जोडशब्द बनवून या दोन्ही अवस्थांची सोय केली आहे; त्यातील 'उद्या' हा ऐकणाऱ्याच्या समाधानासाठी असतो आणि 'परवा' हा बोलणाऱ्याच्या. चालढकल, दिरंगाई, टंगळमंगळ, भिजत घोंगडे ठेवणे, अशी समृद्ध शब्दसंपत्ती असूनही या विशिष्ट, पद्धतशीर, निर्मळ मनाने केलेल्या दोन दिवसांच्या दिरंगाईसाठी आपल्याकडे एकशब्दी क्रियापद नाही, ही उणीव खटकण्यासारखी आहे.

रोमन लोकांनी ही गोष्ट थट्टेवारी नेली नाही. त्यांनी तिचा कायदा केला. रोमन न्यायपद्धतीत 'कोम्पेरेन्दिनातिओ' नावाची एक तरतूद होती, तिचा अर्थ असा, की खटल्याची पहिली सुनावणी झाल्यावर मध्ये एक दिवस सोडून दुसरी सुनावणी घ्यावी. रोमन माणूस आजचा दिवसही मोजीत असे, म्हणून त्याच्या हिशेबी परवा हा तिसरा दिवस ठरे. आपल्याकडे मृत्यूनंतरचा तिसरा, दहावा आणि तेरावा याच रीतीने मोजले जातात, त्यामुळे मराठी वाचकाला हे गणित शिकवावे लागणार नाही. खंडणीखोर सुभेदारांच्या खटल्यांत ही तरतूद ग्लाउकिया नावाच्या राजकारण्याच्या कायद्याने आली. वकिलाने 'तारीख' मागणे आणि न्यायालयाने ती देणे हा व्यवहार मराठी पक्षकाराला नवा नाही. पण रोमन कायद्यात ती तारीख परवाचीच असे, पुढच्या पावसाळ्यानंतरची नसे, आणि या एका गोष्टीवरून रोमन साम्राज्य इतके पसरले कसे याचा थोडा उलगडा होतो.

या तरतुदीच्या इतिहासातील सर्वांत रंगतदार खटला इसवी सनापूर्वी ७० साली उभा राहिला. वेरेस नावाच्या सुभेदाराने सिसिली बेट यथेच्छ लुटले होते, आणि त्याच्यावर आरोप ठेवण्याचे काम सिसेरो या तरुण वकिलाकडे आले. खटला ऑगस्टमध्ये सुरू झाला. वेरेसची बाजू होर्तेन्सिउस या त्या काळच्या अव्वल वकिलाकडे होती, आणि बचावपक्षाचा बेत साधा होता. पुढे लागोपाठ उत्सव आणि खेळ येणार होते, त्या दिवसांत न्यायालय बंद राहणार होते, तेवढे दिवस गेले की वर्ष सरत येणार होते, आणि नव्या वर्षी खुद्द होर्तेन्सिउस सर्वोच्च पदावर बसणार होता. सणांच्या मागे लपून काम पुढच्या वर्षात ढकलण्याची ही युक्ती दोन हजार वर्षांपूर्वीची आहे, हे वाचून आपल्याकडील काही खात्यांना परंपरेचा आधार मिळाल्यासारखे वाटेल. सिसेरोने मात्र लांबलचक भाषणाचा मोह आवरला आणि एकदम साक्षीदारच उभे केले. पुरावा इतका भयंकर निघाला, की वेरेसने दुसऱ्या सुनावणीची वाट पाहिली नाही, तो मसिलिया, म्हणजे आजचे मार्सेय, येथे निघून गेला. वकिलाला भाषण आवरावे लागल्याचे दुःख सिसेरोला किती झाले असेल हे यावरून समजावे, की त्याने दुसऱ्या सुनावणीसाठीची पाच भाषणे, जणू ती झालीच आहेत अशा थाटात, लिहून प्रसिद्ध केली. जो परवा कधी उगवलाच नाही त्या परवासाठी लिहिलेली ही भाषणे लॅटिनचे विद्यार्थी आजही अभ्यासतात. परवावर टाकलेल्या कामातून याहून टिकाऊ काही निर्माण झाल्याचे दुसरे उदाहरण सापडणे कठीण.

याच सिसेरोने सात वर्षांनी, मुरेना नावाच्या गृहस्थाचा बचाव करताना, कायदेपंडितांची आणखी एक फिरकी घेतली. इतकी बुद्धिमान माणसे इतकी वर्षे डोके खाजवीत आहेत, तरी 'तिसरा दिवस' म्हणावे की 'परवाचा दिवस' म्हणावे हे त्यांना अजून ठरवता आलेले नाही, अशा आशयाचा टोमणा त्याने मारला. कायदेपंडितांनी त्यावर काय उत्तर दिले हा येथे प्रश्न नाही. ते परवा देऊ असे म्हणाले असतील, असा तर्क करता येतो.

लॅटिन रोमबाहेर पडून मठांत आणि विद्यापीठांत शिरली तेव्हा या क्रियापदाचा अर्थ घसरला. मध्ययुगीन लॅटिनमध्ये 'पेरेन्दिनारे' म्हणजे मुक्काम ठोकणे, आणि इंग्लंडातील जुन्या महाविद्यालयांत पैसे भरून दीर्घकाळ राहणाऱ्या, पण संस्थेचे सभासद नसलेल्या मंडळींना याच धातूवरून नाव पडले. परवावर टाकण्यापासून मुक्काम ठोकण्यापर्यंतचा हा अर्थप्रवास युरोपीय कोशकारांना समजावून सांगावा लागतो, पण कोकणातील कोणत्याही गृहिणीला तो सांगण्याची गरज नाही. पाहुणा 'परवा निघतो' असे म्हणतो, यजमान 'राहा हो दोन दिवस' असे म्हणतात, पाऊस लागतो, एसटी चुकते, आणि परवा हा निघण्याचा दिवस न राहता राहण्याचा प्रकार होतो.

आता महामार्गाकडे वळता येईल. पूर्वी राष्ट्रीय महामार्ग १७ म्हणून ओळखल्या जाणाऱ्या आणि २०१० साली ६६ हा क्रमांक मिळालेल्या या रस्त्याचा पळस्पे ते इंदापूर हा ८४ किलोमीटरचा टप्पा चौपदरी करण्याचे काम २०११ साली हाती घेण्यात आले, आणि ते २०१४ साली पुरे व्हावयाचे होते. (येथील इंदापूर म्हणजे माणगावजवळचे, पुणे जिल्ह्यातील इंदापूर या प्रकरणात निर्दोष आहे.) पेण, वडखळ, नागोठणे, सुकेळी, खांब आणि कोलाड ही गावे याच टप्प्यावर येतात. विलंबाची कारणे गंभीर होती. भूसंपादन अडले, कर्नाळा पक्षी अभयारण्यातून रस्ता नेण्याची परवानगी अडली, ठेकेदाराचे अर्थकारण अडले, आणि या तिन्हींतून वाट काढीपर्यंत दरवर्षी न चुकता पाऊस आला, कारण या संपूर्ण प्रकल्पात दिलेली तारीख पाळणारा तो एकटाच घटक होता. मुंबई उच्च न्यायालयात जनहित याचिका दाखल झाली, न्यायालयाने नाराजी व्यक्त केली, प्रतिज्ञापत्रे सादर झाली आणि प्रतिज्ञापत्रांतून नव्या तारखा निघाल्या. केंद्रीय पातळीवरून डिसेंबर २०२३ सांगण्यात आला, पुढे जून २०२५ सांगण्यात आला. शास्त्रशुद्ध पेरेन्डिनेट म्हणतात ते हेच, कारण यांतील कोणतीही तारीख जवळ येत असताना पलीकडची तारीख दिसू लागलेली होती, आणि दोन तारखांच्या मधला काळ 'काम प्रगतिपथावर' या नावाने निर्धास्त गेला.

खांब या गावाचे नाव येथे विशेष अर्थपूर्ण ठरते. गावाला ते कसे पडले हा वेगळा विषय आहे, पण 'खांब' हा शब्द संस्कृत 'स्तंभ' याचे रूप नसून वैदिक 'स्कंभ' याचे आहे. आरंभीचा 'स्क' प्राकृतात 'ख' होतो. अथर्ववेदाच्या दहाव्या कांडात स्कंभावर एक संपूर्ण सूक्त असून द्यावापृथिवी, म्हणजे आकाश आणि जमीन, हा स्कंभच तोलून धरतो असे तेथे प्रतिपादिले आहे. महामार्गावरील उड्डाणपुलांच्या खांबांकडे पाहताना वैदिक ऋषींना नेमके काय दिसले असावे याची कल्पना येते: वर काहीही नाही, खाली काहीही नाही, आणि मधे खांब श्रद्धेने उभा. जेथे खांबांवर काही ठेवले गेले तेथेही सर्व आलबेल होते असे नाही. ऑक्टोबर २०२३ मध्ये चिपळूण येथे याच महामार्गावरील उड्डाणपुलाचा बांधकाम चालू असलेला भाग कोसळला, त्यामुळे रिकाम्या खांबांकडे पाहण्याची कोकणवासीयांची दृष्टी काहीशी मवाळ झाली. रुंदीकरणात विजेचे खांब हलवावे लागतात, हेही विलंबाचे नेहमीचे कारण असते. खांब हे गाव हलवता आले नाही, म्हणून ते तेवढे जागेवर राहिले.

मध्ययुगीन अर्थाचाही, म्हणजे मुक्काम ठोकण्याचाही, येथे उत्तम प्रत्यय येतो, आणि त्यासाठी 'तात्पुरते वळण' या फलकाचा अभ्यास करावा. तात्पुरते वळण हा शब्दप्रयोग ज्या वळणाला लावलेला असतो ते वळण हळूहळू रूढ होते; तेथे प्रथम नारळपाणीवाला येतो, मग वडापावची गाडी, मग चहाची टपरी, मग पंक्चरवाला, आणि काही वर्षांनी पत्ता सांगताना 'वळणाच्या अलीकडे' असे सांगितले जाऊ लागते. मूळ रस्ता सुरू झालाच तर या सर्व उद्योगांचे पुनर्वसन करावे लागेल, आणि त्यासाठी भूसंपादन. फलकाच्या तळाशी 'सहकार्याबद्दल धन्यवाद' असे लिहिलेले असते. आभार आगाऊ मानले की ते नंतर मानण्याचे काम उरत नाही, आणि संपूर्ण प्रकल्पात मुदतीपूर्वी पूर्ण झालेले काम दाखवावयाचे झाल्यास हे दाखवता येते.

परवावर टाकण्याची वृत्ती या भूमीच्या गुणामुळे येते असा आक्षेप कोणी घेईल तर तो टिकणारा नाही, कारण त्याच रस्त्यावरील पेण हे गाव अगदी उलट उदाहरण पुरवते. पेणच्या गणपतीच्या कारखान्यांत भाद्रपद शुद्ध चतुर्थी ही मुदत असते आणि ती कोणत्याही प्रतिज्ञापत्राने पुढे जात नाही. मूर्तीची आखणी, म्हणजे डोळे रेखण्याचे नाजूक काम, शेवटी यावयाचे म्हणून ते राहून गेले, आणि गणपती डोळ्यांविना गिऱ्हाइकाकडे गेला, असे होत नाही. परदेशी जावयाच्या मूर्ती तर कितीतरी महिने आधीच बोटीत चढतात. खांबच्या आसपासचा शेतकरीही या क्रियापदाला दारात उभा करीत नाही. राब भाजावयाचा तो पावसाआधीच, पेरावयाचे ते रोहिणी-मृगाच्या बेताने, आवण तयार झाले की लावणी. भाताला परवा कळत नाही. आणि रोहे येथून सुरू होणारी कोकण रेल्वे तर या महामार्गाच्या उशाशी कायमची बोचणी होऊन बसलेली आहे. तिचे महामंडळ १९९० साली स्थापन झाले, आणि सह्याद्रीची बोगद्यांनी चाळण करीत सुमारे ७४० किलोमीटरची ती संपूर्ण वाट २६ जानेवारी १९९८ रोजी खुली झाली. बरोबर एका वर्षाने, २६ जानेवारी १९९९ रोजी, तिने कोलाडहून मालमोटारी थेट आगगाडीवर चढवून गोव्याकडे नेण्याची रो-रो सेवा सुरू केली. खांबच्या पुढे काही मैलांवर मालमोटार स्वतःची चाके वापरणे सोडून दुसऱ्याच्या चाकांवर बसते, याहून स्पष्ट शब्दांत एखाद्या रस्त्याबद्दल मत कसे नोंदवावे, हे कळत नाही.

सारांश असा निघतो, की परवावर टाकणे हा प्रदेशाचा स्वभाव नसून एका विशिष्ट व्याकरणाचा परिणाम आहे. सरकारी मराठीत कर्मणी प्रयोगाला अढळ स्थान आहे: खड्डे बुजवण्यात येतील, कार्यवाही करण्यात येत आहे, सर्व संबंधितांना सूचना देण्यात आल्या आहेत. या वाक्यांत कर्ता नसतो, आणि जेथे कर्ताच नाही तेथे उशीर कोणाला झाला हा प्रश्न व्याकरणदृष्ट्या विचारता येत नाही. पेरेन्डिनेट या क्रियापदाला हे हवामान फार मानवेल. त्याला भविष्यकाळ आहे, 'गणपतीपूर्वी करण्यात येईल'. त्याला चालू वर्तमानकाळ आहे, 'प्रगतिपथावर आहे'. भूतकाळाची रूपे मात्र त्याला चालत नाहीत, कारण परवावर टाकलेले काम झाले असे म्हणताक्षणी ते या क्रियापदाच्या अधिकारक्षेत्राबाहेर जाते. मुंबईचे चाकरमानी वर्षातून एकदा, चतुर्थीच्या आधीच्या रात्री, या क्रियापदाची सर्व रूपे वडखळपासून कोलाडपर्यंत तासन्‌तास पाठ करीत जातात, आणि परतीच्या वेळी उजळणी करतात.

नेमणुकीत एकच अडचण उरते. पळस्पे ते इंदापूर या टप्प्यापुरते पेरेन्डिनेट पुरते. परंतु तेथून पुढे इंदापूर आणि माणगाव यांचे वळणरस्ते लागतात, आणि त्यांच्या प्रतीक्षेचे मोजमाप परवा या एककात करणे म्हणजे वास्तवाला कमी लेखणे होईल. रोमन लोकांची झेप परवापर्यंतच गेली. त्यापलीकडच्या दिवसासाठी त्यांनी क्रियापद घडवलेले नाही, म्हणून इंग्रजांनाही ते उसने घेता आले नाही. मराठीत मात्र परवाच्या पुढे तेरवा आहे, आणि तोही परवासारखाच दोन्ही दिशांना चालतो. तेरवावर टाकणे या क्रियेसाठी एक सुटसुटीत मराठी क्रियापद बनवणे इष्ट ठरेल, आणि त्यासाठी शासनाने भाषातज्ज्ञांची समिती नेमण्यास हरकत नाही. बैठकीला सदस्य रस्त्याने येणार असतील तर तेवढी माणगावबाहेरची जागा टाळावी.